राडेबाज गप्प बसायला शिकतो तेव्हा: जोर्दी एबोलेबद्दल विचारलंत म्हणून

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे नंतर वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही सात वर्षं एका मराठी वृत्तवाहिनीत मुलाखती घेताय. फावल्या वेळात स्पॅनिश शिकताय. त्या नादात नेटफ्लिक्सवर जोर्दी एबोले या स्पॅनिश टीव्ही मुलाखतकाराचा ‘नो मे यामे तेर्नेरा’ हा माहितीपट पाहिलात, आणि मग कळलं की हा गृहस्थ मूळचा विनोदी कार्यक्रमातला. म्हणून तुम्ही विचारलंत: टीव्हीवरच्या विदूषकाने माहितीपटात उडी मारली कशी? त्याचं काय काय आणि कुठल्या क्रमाने पाहू? आणि शेवटी, जरा बिचकतच, ‘मला जमेल का?’

मी संकलक आहे. बावीस वर्षं दुसऱ्यांनी घेतलेल्या मुलाखती कापतोय. त्यातली चार वर्षं, 2012 ते 2016, बार्सिलोनात गेली. एबोलेशी माझी ओळख नाही, त्याच्या कंपनीत मी कधी काम केलेलं नाही. पण तिथे रविवारी रात्री त्याचा ‘साल्वादोस’ हा टीव्ही कार्यक्रम लागायचा आणि सोमवारी सकाळी एडिटरूममध्ये कामाला हात लावण्याआधी त्याचीच चिरफाड व्हायची. तेव्हा मी जे सांगणार ते टेबलापलीकडून पाहिलेलं आहे, एवढं लक्षात ठेवून वाचा.

पहिली गोष्ट, त्याने उडी मारलेली नाही. बाहेरून तशी दिसते, कारण आपल्यापर्यंत शेवटची पायरी पोहोचली. आणि मला वाटतं तुम्हाला खरं विचारायचंय ते वेगळंच आहे: बोलण्यासाठी पगार मिळणाऱ्या माणसाने गप्प बसायचं कसं? माझ्या नजरेतून एबोलेची सगळी कारकीर्द याच एका प्रश्नाभोवती फिरते.

तो जन्मला 1974 मध्ये, कोर्नेया दे योब्रेगात नावाच्या गावी. गाव म्हणायचं एवढंच, बार्सिलोनाला चिकटलेला कारखान्यांचा पट्टा आहे तो. स्पेनच्या दक्षिणेकडून पोटापाण्यासाठी आलेल्या कुटुंबांनी भरलेला. तिथल्या चौकात उभं राहिलं की बार्सिलोनाकडच्या काताला भाषेपेक्षा दक्षिणेतल्या अंदालुसियाच्या ढंगातली स्पॅनिश जास्त कानावर येते. पुढे त्याने स्वतःची निर्मिती कंपनी काढली तिचं नाव ठेवलं ‘प्रोदुक्सिओनेस देल बार्रिओ’. बार्रिओ म्हणजे आपली वस्ती, आळी, मोहल्ला. नावात थोडं मिरवणं आहेच, पण ती खोटी नाही.

शिक्षण बार्सिलोनाच्या ऑटोनॉमस विद्यापीठात. मग आंद्रेउ बुएनाफुएन्ते या विनोदी सूत्रसंचालकाच्या टीममध्ये तो लेखक म्हणून लागला. तिथेच ‘एल फोयोनेरो’ हे पात्र जन्माला आलं. फोयोनेरो म्हणजे राडेबाज, कुठेही जाऊन लोचा करणारा. हा प्रेक्षकांत बसायचा आणि मधेच उठून सूत्रसंचालकाला अडवायचा, टोमणे मारायचा. प्रेक्षकांना आधी वाटायचं की खरंच कोणीतरी आगाऊ माणूस घुसलाय.

आता हे पात्र नीट बघा, कारण पुढच्या सगळ्याची मुळं इथे आहेत. फोयोनेरो स्टेजवर नाही, खुर्च्यांत बसलेला आहे. तो तज्ज्ञ नाही, त्याला काही कळत नाही असं गृहीत धरलेलं आहे, आणि म्हणूनच त्याला काहीही विचारायची मुभा आहे. आपल्या तमाशातला सोंगाड्या आठवा. राजाला जे प्रधान विचारू शकत नाही ते सोंगाड्या विचारतो, आणि राजालाही हसावं लागतं.

2008 च्या निवडणुकीच्या वेळी ला सेक्स्ता वाहिनीने त्याला स्वतंत्र कार्यक्रम दिला: ‘साल्वादोस पोर ला काम्पान्या’. नावातली गंमत स्पॅनिश शिकणाऱ्यांसाठी सांगतो. ‘काम्पाना’ म्हणजे घंटा आणि ‘काम्पान्या’ म्हणजे प्रचारमोहीम. घंटा वाजली आणि सुटलो, या वाक्प्रचारातल्या एका अक्षरावर शेपटी जोडली की ‘प्रचाराने वाचवलं’. अशा खास भागांमधून हळूहळू साप्ताहिक कार्यक्रम झाला आणि नावातलं फक्त ‘साल्वादोस’ उरलं. सुरुवातीला हा राजकीय सभांमध्ये घुसून पुढाऱ्यांची फजिती करायचा. मग हळूहळू फजिती मागे पडली, प्रश्न उरले. टोपणनाव गळालं, जोर्दी एबोले हे नाव पुढे आलं. हे एका रात्रीत झालं नाही. बरीच वर्षं लागली आणि मधले भाग धड विनोदीही नाहीत, धड गंभीरही नाहीत. तुम्हाला हे मधले भाग कोणी सुचवणार नाही, मी सुचवतो. आपलं काम बदलताना माणूस किती अवघडलेला दिसतो ते तिथे दिसतं.

इथे एक कबुली देऊन टाकतो. ही सगळी वर्षं त्याला मिळाली, कारण परिस्थिती तशी होती. ला सेक्स्ताचं प्रक्षेपण 2006 मध्ये सुरू झालं. नवी खासगी वाहिनी, स्वतःचा चेहरा शोधत होती, त्यामुळे प्रयोगाला जागा होती. त्यातच 2008 नंतर स्पेनमध्ये आर्थिक संकट आलं. बेरोजगारी, बँकांनी घरांवर आणलेली जप्ती, रस्त्यावर उतरलेले लोक. ‘मला समजत नाही, समजावून सांगा’ असं म्हणणारा माणूस त्या वेळी लोकांना हवाच होता. तुमच्या वाहिनीला सध्या असा माणूस हवाय का, हे मी पुण्यात बसून सांगू शकत नाही. मालक कोण, जाहिराती कोणाच्या, रविवारचा स्लॉट कोणाच्या ताब्यात, यावर ते ठरतं.

आता ज्या भागासाठी मी हे एवढं लिहायला बसलो, तिकडे येतो.

3 जुलै 2006 रोजी वालेन्सियात मेट्रोचा डबा हेसुस स्थानकाजवळच्या वळणावर रुळांवरून घसरला. 43 माणसं गेली, 47 जखमी झाली. जिथे ताशी 40 किलोमीटरची मर्यादा होती तिथे गाडी 80 च्या वेगाने शिरली होती. चालकही गेला. त्याच आठवड्यात पोप बेनेडिक्ट सोळावे वालेन्सियाच्या भेटीवर येणार होते, शहर सजलं होतं. प्रांतिक संसदेच्या समितीने उन्हाळा संपायच्या आत चौकशी उरकली: वेग जास्त होता, चालकाची चूक. विषय संपला. त्यानंतर दर महिन्याच्या तीन तारखेला मृतांचे नातेवाईक शहरातल्या चौकात येऊन उभे राहायचे. वर्षानुवर्षं. मूठभर माणसं. येणारे-जाणारे बघून पुढे जायचे.

28 एप्रिल 2013 ला ‘साल्वादोस’चा ‘लोस ओल्विदादोस’ म्हणजे ‘विसरलेले’ हा भाग लागला. मी तो माझ्या भाड्याच्या खोलीत पाहिला. त्यात एक प्रसंग आहे. हुआन कोतिनो, अपघाताच्या वेळी प्रांतिक सरकारमध्ये मंत्री आणि भाग प्रसारित झाला तेव्हा प्रांतिक संसदेचे अध्यक्ष, एका जाहीर कार्यक्रमात भेटतात. एबोले त्यांना गाठतो आणि विचारतो, की अपघातानंतर तुम्ही नातेवाइकांच्या घरी जाऊन काय बोललात? कोतिनो उत्तर देत नाहीत. नाही म्हणत नाहीत, रागावत नाहीत, निघूनही जात नाहीत. नुसते चालत राहतात. एबोले बाजूने चालतो, पुन्हा विचारतो, थांबतो, पुन्हा विचारतो. आजूबाजूला लोक, गर्दी, आणि हा एक मोठा माणूस जणू बाजूचा माणूस अस्तित्वातच नाही असा चेहरा करून चाललाय.

दुसऱ्या दिवशी आमच्या एडिटरूममध्ये वाद झाला. एक सहकारी म्हणाला, हे फार लांबलं, एक मिनिटात कळतं की तो बोलणार नाही. आमची मुख्य संकलक, तीस वर्षं या धंद्यात घालवलेली बाई, म्हणाली, ‘एका मिनिटात कळतं की तो बोलणार नाही. त्यानंतर कळतं की सात वर्षं या लोकांना काय वाटत असेल.’ आम्ही कामाला लागलो. पण ते वाक्य माझ्या डोक्यातून गेलं नाही. न मिळालेल्या उत्तराची लांबी हीच तिथे बातमी होती. बातमीपत्रात हाच प्रसंग असता तर ‘कोतिनो यांचा प्रतिक्रिया देण्यास नकार’ एवढी एक ओळ खाली फिरली असती.

त्या भागानंतर पुढची 3 तारीख आली तेव्हा चौकात मूठभर नव्हे, हजारो माणसं होती. न्यायालयात बंद झालेली फाइल पुन्हा उघडली. 2020 मध्ये मेट्रो कंपनीच्या चार माजी अधिकाऱ्यांनी न्यायालयात दोष मान्य केला. हे सगळं एका कार्यक्रमाने केलं असं म्हणणं म्हणजे सात वर्षं चौकात उभं राहिलेल्यांचा अपमान. पण त्या रविवारने धक्का दिला, हे वालेन्सियात कोणीही सांगेल.

आता माझी चूक. 2009 च्या सुमाराला एका वाहिनीसाठी गिरणी कामगारांवर अर्ध्या तासाचा कार्यक्रम कापत होतो. लालबागमधले एक निवृत्त साचेवाले, म्हणजे मागावर काम केलेले कामगार. मुलाखत घेणाऱ्या मुलीने विचारलं, ‘संप संपला हे तुम्हाला कधी कळलं?’ तुम्हाला माहीत असेलच, 1982 चा संप रीतसर कधी मागे घेतलाच गेला नाही. काकांनी हातातला स्टीलचा पेला फिरवायला सुरुवात केली. अंगठा पेल्याच्या काठावरून फिरतोय, एक फेरी, दुसरी फेरी. रशेसमध्ये, म्हणजे न कापलेल्या फुटेजमध्ये, मी मोजलं होतं: चौदा सेकंद. मग ते म्हणाले, ‘कळलं नाही अजून.’ मी त्यातली बारा सेकंदं कापली. निर्माता मागे उभा होता, ‘डेड एअर’, म्हणजे पडद्यावरची शांतता, नको म्हणत होता, हे खरं. पण कात्री माझ्या हातात होती. प्रक्षेपणानंतर काका भेटले तेव्हा हसत म्हणाले, ‘मी एवढ्या पटकन बोललो होय? मला वाटलं मला बराच वेळ लागला.’ तो पेला मला अजून दिसतो. बार्सिलोनाच्या त्या सोमवारी तोच दिसला.

म्हणून तुम्हाला एक काम सांगतो, ते या महिन्यात करा. स्वतःच्या पाच जुन्या मुलाखतींचं न कापलेलं फुटेज मिळवा. पाहुण्याचं वाक्य संपल्यापासून तुमचा पुढचा प्रश्न सुरू होईपर्यंत किती वेळ गेला, तो प्रत्येक वेळी कागदावर लिहा. बातम्यांतल्या माणसाचा आकडा बहुतेक वेळा एका सेकंदाच्या आत असतो, कित्येकदा उणे असतो, म्हणजे पाहुण्याचं वाक्य संपायच्या आधीच पुढचा प्रश्न. यात तुमचा दोष नाही. कानात पीसीआरमधून, म्हणजे नियंत्रण कक्षातून, ‘रॅप, रॅप’ (आवरा, आवरा) ओरडणारा माणूस असतो. पण आकडा समोर लिहिलेला दिसला की पोटात काहीतरी होतं, ते व्हायला हवं.

एबोलेच्या कारकिर्दीत सगळंच मला पटतं असं नाही. 23 फेब्रुवारी 2014 च्या रात्री त्याने ‘ओपेरासिओन पालासे’ दाखवला. विषय होता 1981 चा लष्करी उठावाचा प्रयत्न. त्या वर्षी 23 फेब्रुवारीला तेजेरो नावाचा सिव्हिल गार्ड या निमलष्करी पोलीस दलाचा अधिकारी पिस्तूल घेऊन माद्रिदच्या संसदेत घुसला होता, आणि वालेन्सियाच्या रस्त्यांवर रणगाडे आले होते. एबोलेच्या माहितीपटाने दावा केला की तो उठाव एक रचलेलं नाटक होतं, आणि त्याचं दिग्दर्शन होसे लुइस गार्सी या ऑस्करविजेत्या दिग्दर्शकाने केलं होतं. गार्सी स्वतः कॅमेऱ्यासमोर सांगतोय. खरे पत्रकार, खरे माजी राजकारणी साक्ष देताहेत. आणि शेवटी पडदा बाजूला: हे सगळं खोटं होतं, सगळ्यांनी अभिनय केला. खरी गोष्ट सांगायची होती, पण त्या खटल्याची कागदपत्रं पाहायला सर्वोच्च न्यायालयाने परवानगी दिली नाही.

50 लाखांहून जास्त लोकांनी तो पाहिला. मी माझ्या घरमालकिणीबरोबर पाहिला. साठीच्या पुढची बाई. 1981 च्या त्या रात्री तिच्या वडिलांनी युनियनची कागदपत्रं पिठाच्या डब्यात लपवली होती. पहिला अर्धा तास ती सोफ्याच्या कडेला बसून ‘बघ, मला वाटलंच होतं’ म्हणत होती. खुलासा झाला तेव्हा तिने टीव्ही बंद केला, काही न बोलता भांडी घासायला गेली आणि भांड्यांचा जो आवाज काढला त्यावरून मला तिचं मत कळलं. अर्थात तिच्या मुलाला तो प्रयोग अप्रतिम वाटला. तुमच्यावर विश्वास ठेवणाऱ्याला फसवून ‘बघ, तू किती पटकन विश्वास ठेवतोस’ असं शिकवणं, याबद्दल माझं मत घरमालकिणीच्या बाजूने आहे. शिवाय आजच्या व्हॉट्सअॅपच्या काळात अशा फिल्मचा शेवट कापून उरलेलं फिरवायला कोणाला किती वेळ लागतो? पण एक मान्य करावं लागतं: गंभीर माहितीपटाची सगळी व्याकरणं, तो घोगरा आवाज, ती कागदपत्रं, ते ‘आता सांगतो’ म्हणणारे वृद्ध, ही नुसती वेशभूषा असू शकते हे त्याने सिद्ध केलं. फोयोनेरो अजून जिवंत होता. यावेळी त्याने आपल्याच धंद्याची टोपी उडवली.

नंतरच्या काही गोष्टी भराभर सांगतो. 2015 च्या ऑक्टोबरात त्याने पाब्लो इग्लेसियास आणि आल्बेर्त रिबेरा या दोन नव्या पक्षांच्या नेत्यांना बार्सिलोनाच्या नोउ बार्रिस या कामगार वस्तीतल्या एका साध्या बारमध्ये कॉफी घेत समोरासमोर बसवलं. ना पोडियम, ना घड्याळ. पुन्हा 50 लाखांच्या आसपास प्रेक्षक. आपल्याकडच्या आठ खिडक्यांच्या चर्चेनंतर तो भाग पाहिलात तर कान थंड होतील. 2016 मध्ये ‘आस्त्राल’: भूमध्य समुद्रात बुडणाऱ्या निर्वासितांना वाचवायला ओपन आर्म्स या संस्थेने एक आलिशान शिडाची नौका वापरायला घेतली होती, तिच्यावर बसून केलेला माहितीपट. तो आधी चित्रपटगृहांत लागला आणि तिकिटांचे पैसे संस्थेला गेले. टीव्हीवरून मोठ्या पडद्याकडे जायची ही पायरी. 2019 च्या मार्चमध्ये पोप फ्रान्सिस यांची मुलाखत. तिथे त्याने सीमेवरच्या कुंपणाच्या पात्याच्या तारेचा एक तुकडा पोपच्या हातात दिला. स्थलांतरावर लांबलचक प्रश्न विचारण्याऐवजी एक वस्तू. उत्तर शब्दांत यायच्या आधी बोटांत आलं. ही युक्ती चोरा, खुशाल चोरा. पाहुण्याला धरायला काहीतरी द्या.

त्याच वर्षी त्याने अकरा वर्षांनंतर ‘साल्वादोस’ सोडला. चांगला चाललेला कार्यक्रम सोडला आणि 2020 मध्ये ‘लो दे एबोले’ सुरू केला.

आणि मग 2020 चा मे महिना. जाराबे दे पालो या गाजलेल्या बँडचा गायक पाउ दोनेस 2015 पासून कर्करोगाशी झगडत होता. आता फार दिवस उरले नाहीत हे त्याला कळलं होतं. त्यानेच एबोलेला बोलावलं, ये, गप्पा मारू, कॅमेरा घेऊन ये. पिरेनीज डोंगरांतल्या आरान खोऱ्यात, बाहेर कोविडची टाळेबंदी, मोजकी टीम. त्यानंतर काही आठवड्यांतच, 9 जूनला दोनेस गेला. ‘एसो के तू मे दास’ या नावाने ती मुलाखत सप्टेंबरअखेर चित्रपटगृहांत आली. दिग्दर्शन एबोले आणि रामोन लारा. तासाभराची फिल्म, दोन माणसं, संपलं.

तुम्ही काय आणि कुठल्या क्रमाने पाहू म्हणून विचारलंत ना, तर सुरुवात इथून करा. तेर्नेरावाली बाजूला ठेवा. कारण संकलकाच्या नजरेने बघितलं तर इथे लपायला काहीच नाही. पुराव्याची कागदपत्रं नाहीत, खलनायक नाही, खुलासा नाही. समोरचा माणूस हाडं दिसतील इतका खंगलाय आणि हसतोय. एखाद्या कच्च्या मुलाखतकाराने इथे दोनपैकी एक चूक केली असती: एक तर आवाज ओला केला असता, किंवा धीर द्यायला बडबड केली असती. एबोले तिथे थट्टेला थट्टेने उत्तर देतो आणि मग थांबतो. विनोदी कार्यक्रमातली ती सगळी वर्षं वाया गेली नाहीत हे मला तिथे पटलं. कारण कधी थांबायचं हे विनोद करणाऱ्याइतकं कोणालाच कळत नाही. हशा येईपर्यंत थांबायची ज्याला सवय आहे, त्याला रडू येईपर्यंतही थांबता येतं.

इथवर वाचून तुम्ही म्हणाल, म्हणजे वर्षागणिक हा कमी कमी बोलत गेला. तसं सरळ नाही. 2023 च्या ‘आमेन. फ्रान्सिस्को रेस्पोंदे’मध्ये तर प्रश्न विचारणारे स्पॅनिश बोलणारे दहा तरुण-तरुणी आहेत. रोममध्ये, पण व्हॅटिकनच्या बाहेर, पोप त्यांच्यासमोर साध्या खुर्चीवर बसलेत. एबोले आणि मारियुस सान्चेस दिग्दर्शक. हा गप्प बसण्याचा कळस. पण त्याच वर्षी, त्याच जोडीच्या ‘नो मे यामे तेर्नेरा’त तो पुन्हा समोर बसून प्रश्नांची सरबत्ती करतो. तिथे गप्प बसणं गुन्हा ठरला असता.

तेर्नेरा म्हणजे होसु उर्रुतिकोएत्शेआ, एता या, बास्क प्रदेश स्पेनपासून वेगळा मागणाऱ्या सशस्त्र संघटनेच्या म्होरक्यांपैकी एक. या संघटनेने साडेआठशेहून अधिक माणसं मारली. 2018 मध्ये ती विसर्जित झाल्याची घोषणा ज्या ध्वनिमुद्रणातून झाली, त्यातला एक आवाज याचाच. सान सेबास्तियान महोत्सवात फिल्म दाखवणार म्हटल्यावर पाचशेहून जास्त लोकांनी पत्र काढलं: काढून टाका, हे हिंसेवर पांघरूण घालणं आहे. त्यांनी फिल्म पाहिलेली नव्हती. महोत्सवाने काढली नाही, आधी पाहा मग बोला म्हणाले.

तुम्ही ती पाहिली आहे, तेव्हा पुन्हा पाहताना फक्त क्रम बघा. फिल्म तेर्नेरापासून सुरू होत नाही. ती सुरू होते फ्रान्सिस्को रुइस या वृद्ध माणसापासून. 1976 च्या फेब्रुवारीत गाल्दाकाओचे महापौर बिक्तोर लेगोर्बुरू यांची हत्या झाली तेव्हा त्यांच्या संरक्षणाला असलेला पोलीस. स्वतः गोळ्या खाऊन वाचलेला. आधी तो बोलतो, मग त्या म्होरक्याची मुलाखत येते, आणि त्या मुलाखतीत तो त्या हल्ल्यातला आपला सहभाग मान्य करतो. 1977 च्या माफीच्या कायद्यामुळे त्याच्यावर त्यासाठी खटला चालणार नाही. शेवटी रुइस ते सगळं पाहतो.

टाइमलाइनवर हे तीन ठोकळे उलटसुलट ठेवून बघा. म्होरक्या आधी आला असता तर त्याची शब्दकळा आधी आली असती, ‘संघर्ष’, ‘परिस्थिती’ वगैरे, आणि रुइस नंतर आलेला एक साक्षीदार झाला असता. आता उलट झालंय. म्होरक्याचा प्रत्येक गुळगुळीत शब्द आपण रुइसच्या कानांनी ऐकतो. पत्र काढणाऱ्यांच्या शंकेला फिल्मचं उत्तर या क्रमात आहे. मुलाखत कोणाचीही घेता येते, असं माझं मत आहे. पण ती घेतल्यावर खोलीत पहिला कोणाला बसवायचं, हे ज्याला ठरवता येत नाही त्याने अशी मुलाखत घेऊ नये.

आता ‘मला जमेल का’. तुमचं काम मी पाहिलेलं नाही, तेव्हा हो-नाही सांगणं हा भोंदूपणा होईल. एवढं सांगतो की टीव्हीचा चेहरा हे ओझंही आहे आणि भांडवलही. दारं उघडतात हे भांडवल. दोनेसने फोन केला तो ओळखीच्या चेहऱ्याला. ओझं हे, की समोरचा माणूस तुमच्याशी टीव्हीवर बोलतात तसं बोलायला लागतो, बाइट, म्हणजे बातमीत बसणारी तयार वाक्यं, द्यायला लागतो. त्याला इलाज वेळ. कॅमेरा लावून पहिला तासभर फुकट घालवायची तयारी ठेवा. सहकारी वैतागतील.

राजीनामा मात्र एवढ्यात देऊ नका. एबोले वाहिनीवरच्या साप्ताहिक स्लॉटच्या आत राहूनच बदलला, हे विसरू नका. आपल्याकडे माहितीपटाला पैसा देणारे हात मुळातच थोडे, आणि माहितीपट काढणारी सरकारी फिल्म्स डिव्हिजन 2022 मध्ये एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळात विलीन झाल्यापासून जुन्या ओळखीचा तो पत्ताही बदललाय. त्यापेक्षा तुमच्याच वाहिनीकडे महिन्यातून एक रविवार मागा. पंचवीस मिनिटं, एक माणूस, एक जागा, स्टुडिओ नाही. नाही म्हणतील. पुन्हा मागा. यूट्यूबसाठी म्हणून मागितलंत तर कदाचित हो म्हणतील, कारण तिथे वेळेचे पैसे जात नाहीत.

भाषेबद्दल एक राहिलं. तुम्ही लिहिलंत की त्याची स्पॅनिश वर्गात शिकवतात तशी वाटत नाही. बरोबर आहे. काताला आणि दक्षिणेची स्पॅनिश दोन्ही कानावर पडणाऱ्या वस्तीतला तो आहे, ‘ल’ जरा जड येतो, वाक्यं अर्धी सुटतात. सबटायटल्स लावायची असतील तर स्पॅनिशचीच लावा, इंग्रजी नकोत. इंग्रजी सबटायटल त्याचं वाक्य संपायच्या आत वाचून होतं आणि मग तुमचं लक्ष पुढच्या ओळीकडे लागतं. त्याने सोडलेली जागा तुम्हाला दिसतच नाही. दोनेसच्या फिल्मचं तर दुसऱ्यांदा पाहताना सबटायटल्स पूर्ण बंद करा, कागद-पेन्सिल घ्या आणि सेकंद मोजा. तुमच्या पाच मुलाखतींचे आकडे त्याच कागदाच्या डाव्या बाजूला लिहिलेले असू द्या. झालं की इथेच खाली टाका, मी बघतो.